फोटोला शीर्षकपृष्ठ नसतं

"मॅडम, जिना हवाय. वरून उजेड पडतोय असा."

स्थापत्यशास्त्राच्या दुसऱ्या वर्षाची मुलगी होती. असे जिने आपल्याकडे ढिगाने आहेत याची मला खात्री होती. विभागाने ग्रंथालयाला दिलेल्या ४,२०० स्लाइड्स (प्रोजेक्टरवर दाखवायच्या, चौकटीत बसवलेल्या फिल्म) आणि नऊशेच्या आसपास फोटो मीच तर दाखल करून घेतले होते. संगणकावर 'जिना' टाकलं. शून्य. 'पायऱ्या' टाकलं. दोन निघाले, दोन्ही उघड्यावरचे, भर उन्हातले. कारण नोंदी मी पुस्तकांसारख्या केल्या होत्या: इमारतीचं नाव, वास्तुरचनाकार, साल आणि पुढे 'अंतर्भाग – ३'. त्या 'अंतर्भाग – ३' मध्ये जिनाही होता आणि उजेडही, पण शोधखिडकीला ते कोण सांगणार? शेवटी आम्ही दोघी लाइटबॉक्स, म्हणजे स्लाइड बघायची खालून उजेड देणारी पेटी, घेऊन बसलो. पावणेदोन तासांनी तिला तिचा जिना सापडला.

पुस्तक आपली ओळख बरोबर घेऊन येतं. शीर्षकपृष्ठ असतं, अनुक्रमणिका असते, नशीब बरं असेल तर मागे सूचीही असते. फोटो मुका येतो. मागच्या बाजूला कुणी पेन्सिलीने चार शब्द खरडले असतील तर तेवढंच. म्हणजे त्याचं शीर्षकपृष्ठही आपणच लिहायचं आणि सूचीही आपणच करायची. त्या दुपारनंतर मी सगळ्या नोंदी नव्याने करायला घेतल्या. त्यात काय जमलं, काय फसलं, ते कामाच्या क्रमाने सांगते.

आधी प्रश्नवही

सॉफ्टवेअर कुठलं घ्यायचं हा पहिला प्रश्न नाही. पहिला प्रश्न, लोक काय मागतात. काउंटरवर एक साधी वही ठेवा आणि चित्रं मागायला येणाऱ्याचं वाक्य जसंच्या तसं उतरवून घ्या. आपल्या ग्रंथालयीन भाषेत रूपांतर करून लिहिलंत तर वहीचा उपयोगच संपला. मी तीन महिने लिहिलं. रचनाकाराच्या नावाने मागणारे बहुतेक प्राध्यापक निघाले. विद्यार्थी मागत होते ते वेगळंच: 'गर्दी असलेला चौक', 'बांधकाम चालू असताना', 'माणसं नकोत, नुसती इमारत', 'विटा जवळून दिसतील असा', 'पोस्टरला हवाय, उभाच द्या'. आणि जवळजवळ प्रत्येकाचा शेवटचा प्रश्न, 'प्रबंधात छापला तर चालेल ना?'

या वहीतूनच माझे रकाने ठरले. दृश्य जवळचं की लांबचं, आतलं की बाहेरचं, माणसं आहेत की नाहीत, हे कुठल्याही तयार तक्त्यात इतक्या ठळकपणे माझ्यासमोर आलं नसतं. उभं-आडवं मात्र हाताने भरू नका. फाइलच्या लांबी-रुंदीवरून संगणक ते स्वतः ठरवतो. मी सहाशे नोंदी भरल्यावर हे माझ्या लक्षात आलं.

हात लावण्याआधी

डबे आले की लगेच विषयवार लावायचा मोह होतो. लावू नका. शिक्षकाने स्लाइड्स ज्या क्रमाने ठेवल्या असतात तो त्याच्या व्याख्यानाचा क्रम असतो. शेजारच्या दोन स्लाइड्स एकत्र का आहेत, हीसुद्धा माहिती आहे. आहे त्या क्रमाने ट्रेचे फोटो मोबाइलवर काढून ठेवा, मग काय हलवायचं ते हलवा. फोटोंच्या मागच्या बाजूही सोडू नका. स्टुडिओचा शिक्का, आकडा, खोडलेलं नाव, सगळं जसं आहे तसं उतरवा आणि ती बाजूही स्कॅन करा. वळणदार अक्षरातलं एक साल मी १९५१ वाचलं होतं. दोन वर्षांनी स्कॅन मोठा करून पाहिला तर ते १९५७ होतं.

दाखल क्रमांक मऊ पेन्सिलीने, मागच्या बाजूच्या कडेला, फोटो काचेवर किंवा कडक सपाट पृष्ठावर ठेवून, न दाबता लिहायचा. बॉलपेन नको, रबरी शिक्का नको, चिकटपट्टी तर नकोच. प्लॅस्टिकचा थर असलेल्या नव्या प्रकारच्या फोटो-कागदावर पेन्सिल उठत नाही. तिथे क्रमांक पाकिटावर लिहा. जुनी पीव्हीसीची पाकिटं काढून पॉलिएस्टर किंवा पॉलिप्रॉपिलीनची घाला. फिल्मच्या डब्याला आंबट वास येत असेल तर ॲसिटेट फिल्म विघटित होऊ लागली आहे असं समजा. तो डबा वेगळा ठेवा, कारण त्या वाफेने शेजारच्या फिल्मही लवकर बिघडतात. विसाव्या शतकाच्या पहिल्या अर्ध्यातल्या निगेटिव्ह मिळाल्या तर त्या नायट्रेट असू शकतात. नायट्रेट फिल्म भडकन पेटते. अशा वेळी स्कॅनर आणू नका, जाणकाराला बोलवा.

सगळंच ठेवायचं नसतं, हे मात्र मला कुणी आधी सांगायला हवं होतं. व्याख्यानासाठी विकत घेतलेल्या, जगभर शेकडो ठिकाणी असलेल्या स्लाइड्सवर मी चार महिने घालवले. त्याच वेळी एका शिक्षकाने स्वतः काढलेले, आता पाडून टाकलेल्या इमारतींचे फोटो खालच्या खणात वाट बघत होते. दुसरीकडे कुठेच नसेल ते आधी घ्या.

वस्तू एक, तिचं चित्र दुसरं

इथे बहुतेक नोंदींचा घोळ होतो. 'साल' या रकान्यात काय लिहायचं? इमारत बांधली ते साल, फोटो काढला ते, की स्कॅन केला ते? तिन्ही खरी आहेत, पण तीन वेगवेगळ्या गोष्टींची. दृश्यसंग्रहांसाठी तयार झालेल्या व्हीआरए कोअर या आराखड्यात म्हणूनच कृती (म्हणजे मूळ इमारत किंवा कलावस्तू), तिची प्रतिमा आणि संग्रह यांच्या नोंदी वेगळ्या करून एकमेकींना जोडलेल्या असतात. इमारतीची नोंद एकदाच करा, तिचे चौदा फोटो तिला जोडा. रचनाकाराच्या नावाचं स्पेलिंग दुरुस्त करायचं झालं तर एका ठिकाणी करावं लागतं, चौदा ठिकाणी नाही. डब्लिन कोअर या सर्वसाधारण नोंद-आराखड्याचे पंधरा घटक सोपे आहेत आणि लहान संग्रहाला पुरतातही, पण ते वापरताना 'ही नोंद कुणाची, इमारतीची की फोटोची' हे पहिल्या दिवशीच ठरवून लिहून ठेवा.

हा भेद किती दूर जातो ते अमेरिकी फोटोग्राफर डोरोथिया लँगच्या १९३६ मधल्या प्रसिद्ध फोटोवरून कळतं. कॅलिफोर्नियातल्या निपोमो इथे मटार तोडणाऱ्या मजुरांच्या तळावर काढलेला, 'मायग्रंट मदर' या नावाने ओळखला जाणारा तो फोटो तुम्ही पाहिला असेलच: चेहऱ्यापाशी हात नेलेली आई, तिच्या खांद्यांवर तोंड लपवलेली दोन मुलं, मांडीवर तान्हं. मूळ फोटोत उजवीकडे खाली तंबूच्या खांबावर एक अंगठा दिसतो. पुढे निगेटिव्हवर हात फिरवून तो पुसट केला गेला. म्हणजे तुमच्या ग्रंथालयात या चित्राच्या दोन प्रती असल्या तर त्या 'डुप्लिकेट' असतीलच असं नाही. अंगठा बघा, मग ठरवा.

कशाचं आणि कशाबद्दल

कलेतिहासकार एर्विन पॅनॉफस्कीने १९३९ मध्ये चित्र वाचण्याच्या तीन पातळ्या मांडल्या: नुसतं काय दिसतं, ते नेमकं कोणतं आहे, आणि त्याचा खोल अर्थ काय. सारा शॅटफर्ड यांनी १९८६ मध्ये तीच मांडणी ग्रंथालयाच्या उपयोगाची केली. चित्र कशाचं आहे आणि ते कशाबद्दल आहे, हे दोन प्रश्न वेगळे विचारा; 'कशाचं' याची उत्तरं सर्वसामान्य आणि विशिष्ट अशी पुन्हा वेगळी ठेवा; आणि कोण, काय, कुठे, कधी या चारही बाजूंनी विचारा. ऐकायला जड वाटतं, करायला अगदी सोपं आहे. मी त्याचे तीन रकाने केले.

पहिला, दिसतं काय. कुठलंही पूर्वज्ञान नसलेल्या माणसाला दिसेल ते. लँगच्या फोटोत: स्त्री, मुलं, तान्हं मूल, फाटके कपडे, तंबू. दुसरा, कोण आणि कोणतं. इथे ज्ञान लागतं, पुरावाही लागतो. तिसरा, कशाबद्दल. महामंदी, स्थलांतरित शेतमजूर, मातृत्व.

पहिल्या रकान्यात हात सैल सोडा, तिसऱ्यात आखडता घ्या. मी नियम केला की तिसऱ्या रकान्यात जास्तीत जास्त दोन शब्द, आणि तेही फोटोसोबत लिहिलेल्या मूळ ओळीत, पत्रात किंवा अन्य कागदात आधार असेल तरच. हा नियम ठेच लागून आला. आमच्याकडच्या एका फोटोत एक म्हातारा प्रयोगशाळेच्या पायरीवर बसलेला आहे, मान खाली, आजूबाजूला कुणी नाही. मी मोठ्या हौसेने 'एकाकीपणा' असा विषय दिला. वर्षभराने एक निवृत्त कर्मचारी ग्रंथालयात आले, पडद्यावर तो फोटो बघून हसायलाच लागले. म्हणाले, "अहो, बाकीचे आठ जण कॅमेऱ्यामागे उभे होतो. त्याची चप्पल लपवली होती आम्ही." खाली घातलेली मान चप्पल शोधत होती.

आणि दुसऱ्या रकान्याबद्दल एक सावधगिरी. लँगच्या मूळ ओळीत त्या बाईचं वय होतं, मुलांची संख्या होती, नाव नव्हतं. फ्लॉरेन्स ओवेन्स थॉम्पसन हे नाव जगाला कळलं १९७८ मध्ये. ती चेरोकी या अमेरिकेतल्या मूलनिवासी वंशाची होती हेही मूळ ओळीत नव्हतं. चाळीसेक वर्षं एक माणूस 'विषय' म्हणून नोंदवला गेला. म्हणून नाव माहीत नसेल तर रकाना रिकामा ठेवू नका, 'अनोळखी' असं स्पष्ट लिहा, म्हणजे पुढे कुणी ओळखलं तर कुठे भरायचं ते कळतं. उलट बाजूही आहे: संमेलनातले, वसतिगृहातले, आजही हयात असलेल्या लोकांचे फोटो असतील तर नाव नोंदीत ठेवा, पण सार्वजनिक शोधात दाखवायचं की नाही हा निर्णय वेगळा घ्या.

शब्द ठरवणं

एकाच वस्तूला तुम्ही सोमवारी 'कमान' म्हणालात आणि गुरुवारी 'मेहराब', तर संग्रहाचे दोन तुकडे झाले. शब्द नियंत्रित हवेत. तयार साधनं चांगली आहेत. गेटी संस्थेचा कला व वास्तुकला कोश वस्तू, शैली, साहित्य यांसाठी उत्तम, आणि विनामूल्य खुला आहे. लायब्ररी ऑफ काँग्रेसचा चित्रसामग्रीचा कोश सामान्य फोटोंना जास्त सोयीचा, कारण त्यात 'मिरवणूक', 'संप', 'स्वयंपाकघर' असे रोजचे विषय आहेत. आयकॉनक्लास ही हेन्री व्हान डी वाल यांनी लायडनमध्ये विकसित केलेली आकडे-अक्षरांची पद्धत, चित्रांतल्या कथा आणि प्रतीकं यांसाठी. पाश्चात्त्य धार्मिक चित्रं असतील तर तिला तोड नाही. इमारतींच्या संग्रहाला तिचा आग्रह धरू नये. तिन्ही एकदम वापरणारे मी पाहिलेत. त्यांच्या दिवसाला पाच नोंदी होतात.

मी असं केलं: प्रत्येक संकल्पनेला एक मराठी पसंतीचा शब्द, त्याखाली बाकीचे शब्द 'पाहा' म्हणून, आणि शेजारी गेटी कोशातला क्रमांक. 'पायऱ्या, सोपान, दादर – पाहा: जिना'. क्रमांकामुळे इंग्रजीत शोधणाऱ्यालाही तीच नोंद मिळते. शब्दांची ही यादी आता साडेचारशेच्या घरात आहे आणि ती एकाच माणसाच्या हातात असते. बाकीच्यांनी नवा शब्द सुचवायचा, घालायचा नाही.

मराठीत नोंदी करणाऱ्यांसाठी खास काटे आहेत, ते कुठल्याच परदेशी मार्गदर्शिकेत सापडणार नाहीत. आपले शब्द विभक्तीत रूप बदलतात. 'विहीर' शोधणाऱ्याला वर्णनातलं 'विहिरीच्या काठावर' मिळत नाही, कारण 'ही'चं 'हि' झालं. म्हणून विषयाचा रकाना प्रथमेतच, एकवचनी की अनेकवचनी ते ठरवून, आणि वाक्यातलं वर्णन त्याहून वेगळं. दुसरा काटा डोळ्यांना दिसतच नाही. 'ॲल्बम' हा शब्द संगणकावर दोन प्रकारे टंकता येतो: 'ॲ' हे एक स्वतंत्र अक्षर म्हणून, किंवा 'अ' लिहून त्यावर चंद्र देऊन. पडद्यावर दोन्ही सारखेच दिसतात, संगणकाच्या लेखी मात्र ते वेगळे शब्द असतात. 'ऱ्या'चंही तसंच, त्यातला अर्धा र दोन पद्धतींनी साठवला जातो. माझ्या पहिल्या शोधात 'पायऱ्या' टाकल्यावर दोनच का निघाले याचं निम्मं उत्तर हेच होतं; एका सहकाऱ्याचा कीबोर्ड वेगळा होता. सगळा डेटा भरल्यावर एकदा शोध-आणि-बदल चालवून एकच रूप करा, आणि शक्य असेल तर शोधखिडकीतही तोच बदल आपोआप होईल असं तंत्रज्ञाकडून करून घ्या.

तारखांसाठी दोन रकाने ठेवा. एक माणसाला वाचायला: 'साधारण १९३० चं दशक'. दुसरा संगणकाला शोधायला: सर्वांत आधीचं साल १९२८, सर्वांत नंतरचं १९४२. 'अंदाजे' या शब्दावर संगणकाला काही करता येत नाही, दोन आकड्यांवर येतं.

स्कॅनिंग

याबद्दल लोक सगळ्यात जास्त विचारतात आणि खरं तर यात सगळ्यात कमी विचार लागतो. ३५ मिमी स्लाइडची चौकट ३६ × २४ मिमी असते. इंचाला ४,००० बिंदू धरले तर सुमारे ५,६७० × ३,७८० पिक्सेल होतात. २४ बिट रंगात, न दाबलेल्या टिफ फाइलचं वजन साधारण ६४ एमबी. ४८ बिटमध्ये दुप्पट. आमच्या ४,२०० स्लाइड्सचे २४ बिटमध्ये सुमारे २७० जीबी झाले. मूळ टिफ कुणाला द्यायची नाही, वाचकांसाठी त्यातून जेपेग काढायची. तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, एक दुसऱ्या इमारतीत. प्रत्येक फाइलचा चेकसम, म्हणजे तिच्या मजकुरावरून संगणकाने काढलेला पडताळणीचा आकडा, काढून ठेवा आणि ठरावीक काळाने ताडून बघा. फाइल उघडते म्हणजे ती धड आहे असं नसतं.

फाइलच्या नावात अर्थ कोंबू नका. 'जिना-प्रकाश-नवीन-अंतिम-२' असल्या नावांनी मी एकदा पोळले आहे. दाखल क्रमांक, डावीकडे शून्यं भरून, बस्स. मात्र फाइलच्या पोटात, आयपीटीसी किंवा एक्सएमपी या, फाइलमध्येच माहिती साठवण्याच्या पद्धतींच्या रकान्यांत, शीर्षक, क्रमांक, संग्रहाचं नाव आणि हक्काची ओळ जरूर भरा. विद्यार्थी फोटो उतरवून घेतो, नोंद मागेच राहते, आणि सहा महिन्यांनी तोच फोटो 'हा कुठला आहे?' म्हणून तुमच्याकडेच परत येतो.

हक्काचा रकाना कधीच रिकामा ठेवायचा नाही. फोटोग्राफरचा हक्क, फोटोत दिसणाऱ्या चित्राचा किंवा शिल्पाचा हक्क आणि फोटोतल्या माणसाची खासगी बाजू या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. राइट्सस्टेटमेंट्स या उपक्रमाची बारा प्रमाणित विधानं यासाठी तयार आहेत. त्यांत 'हक्काची स्थिती ठरवता आलेली नाही' असंही एक आहे. प्रामाणिकपणे तेच सगळ्यात जास्त वापरावं लागतं.

यंत्राकडून मदत

२०२१ मध्ये क्लिपसारखी, चित्र आणि शब्द एकत्र शिकलेली मॉडेल्स आली आणि 'वरून उजेड पडणारा जिना' असं वाक्य टाकून नोंद नसलेले फोटोही शोधता येऊ लागले. मी वापरते. पहिल्या रकान्याला यंत्र चांगला हात देतं, दुसऱ्यात ते बिनदिक्कत चुकतं, तिसऱ्यात मी त्याला येऊच देत नाही. आमच्या एका गोल खिडकीला ते सातत्याने 'भिंतीवरचं घड्याळ' म्हणतं. म्हणून प्रत्येक शब्दापुढे तो कुणी दिला, यंत्राने, मी की वाचकाने, याची खूण ठेवा. वाचकांनाही सांगू द्या. लायब्ररी ऑफ काँग्रेसने २००८ मध्ये फ्लिकर या फोटोंच्या संकेतस्थळावर आपले फोटो टाकले तेव्हा अनोळखी माणसं आणि जागा लोकांनी ओळखून दिल्या. आमच्या म्हाताऱ्याची चप्पलही अशीच मिळाली.

आता 'जिना' टाकलं की एकतीस निघतात, 'वरून उजेड' जोडलं की सहा. ती मुलगी शेवटच्या वर्षाला असताना पुन्हा आली, सहांमधला एक उघडून म्हणाली, "मॅडम, हा जिना डावीकडे वळतो. नकाशात उजवीकडे वळलाय." नकाशा बरोबर होता. स्लाइड उलट बाजूने स्कॅन झाली होती. चित्रात अक्षरं नसली की हे कुणाच्याही लक्षात येत नाही. त्यासाठी फिल्मची मंद, कमी चमकणारी बाजू कुठे आहे ते आधी बघायचं असतं, आणि जुन्या चौकटीवर टिंब असेल तर स्लाइड सरळ धरल्यावर ते डावीकडे खाली यायला हवं. मी ती पुन्हा स्कॅन केली आणि नोंदीत तारीख घालून एक ओळ लिहिली: 'आधीची फाइल आरशातली होती, वाचकाने दाखवून दिलं.' त्या ट्रेमधल्या आणखी अडतीस स्लाइड्स तपासायच्या राहिल्या आहेत.